बंद तुकड्यातली ओली माती

४ फेब्रुवारी

आज एका शर्टाला दोन्ही बाह्या डाव्या लावल्या. गिऱ्हाईक हसलं, मला काही हसू आलं नाही. दुकानाच्या खिडकीतून डोंगर दिसतो, हा या दुकानाचा सगळ्यात मोठा दोष आहे. एक शिवण घालते आणि एकदा वर बघते. वनसमितीची सचिव झाल्यापासून माझ्या पायाला भिंगरी लागली आहे, असं वहिनी म्हणते. वहिनीला काय जातं म्हणायला?

डोक्यात जे घोळतंय ते इथे उतरवते, म्हणजे निदान शर्ट तरी सरळ शिवले जातील.

पाऊस संपल्यावर मॅडमनी उतारावर पांढरे खांब रोवून तीन तुकडे आखून दिले. मॅडम म्हणजे आमच्या नव्या वनाधिकारी. वय माझ्या निम्मं, स्कूटरवरून येतात, हेल्मेट काढलं की केस उभे. त्यांच्या आधीचे साहेब कागदावर ठरवून पाठवायचे आणि आम्ही पाळत नव्हतो. मॅडम म्हणाल्या, तुमचा डोंगर आहे, तुम्हीच करून बघा, आणि जे जमेल ते ठेवा. एक तुकडा बंद. कुंपणाच्या आत माणूस नाही की जनावर नाही. दुसरा तोडीचा. तिथे सुतारकाका आणि त्यांची मंडळी बेतानं छाटणार. तिसरा चराईचा. त्यात दादाच्या शेळ्या, ठरल्या दिवशी, ठरल्या वेळेपुरत्या. कुठेही रोप लावायचं नाही, पाणी घालायचं नाही. डोंगर आपणहून काय करतो ते बघायचं. एप्रिलअखेर उगवलेली झाडं मोजायची, आणि जो तुकडा सरस ठरेल त्याच्यासारखा सगळा उतार चालवायचा. जमलं नाही तर बदलायचं.

बंद तुकडा माझा. माझा म्हणजे मी आग्रह धरला म्हणून. खालचा झरा दरवर्षी बारीक होतोय, वर झाडच नाही तर पाणी थांबणार कुठे? हे सगळ्यांना पटतं, फक्त उतार बंद झाला तर दादाच्या शेळ्या जाणार कुठे याचं उत्तर माझ्याकडे नाही. दादा माझा सख्खा थोरला भाऊ. मी त्याच्याच घरात राहते, त्याच्याच ताटाशेजारी जेवते. बैठकीत त्याने तुकड्यांना हात वर केला आणि खाली घेतला. ना हो, ना नाही. ताकास तूर लागू देत नाही माणूस.

९ फेब्रुवारी

कुंपणाबाहेरून बंद तुकडा बघून आले. बोटभर उंचीची रोपं, पण माना टाकल्यात. ऊन यंदा लवकरच तापलंय. घरी आले, जेवण गेलं नाही.

१२ फेब्रुवारी

आज पहाटे झऱ्यावरून दोन बादल्या भरून वर नेल्या आणि कुंपणाच्या फटीतून आत शिरून घातल्या.

मी नियम मोडला असं म्हणणार नाही. नियम नेहमीच्या उन्हाळ्यासाठी होता. हा उन्हाळा नेहमीचा नाही. नेहमीचा असता तर ही रोपं आपली आपण जगलीच असती. म्हणजे मी फक्त नेहमीचा उन्हाळा परत आणते आहे, तेही दोन बादल्यांपुरता. मॅडमना सांगायला गेलं तर त्या उगाच वही काढतील. इतक्याशा गोष्टीसाठी कशाला?

दिवसभर सुईत दोरा ओवता आला नाही. बादल्या जड होत्या.

२० फेब्रुवारी

दादावर माझा संशय आहे. शेळ्या रोज संध्याकाळी पार पलीकडच्या खिंडीतून येताना दिसतात, पोटं आत गेलेली, पाय धुळीने भरलेले. एवढ्या लांब का नेतो? माझा कयास असा, की हा आपला तुकडा वाचवतोय. शेळ्या आत सोडायच्याच नाहीत, म्हणजे तुकडा हिरवागार दिसेल आणि मोजणीत जिंकेल. गप्प माणसं अशीच असतात.

आज चराईचा दिवस होता. दुकान अर्ध्यावर टाकून वर गेले आणि एका दगडामागे बसले. शेळ्या आत होत्या. सगळ्या. मास्तरीण (ती पुढची शेळी, सगळ्यांवर ओरडत असते म्हणून) एक कोवळा शेंडा ओरबाडून खात होती आणि दादा काठीवर रेलून बघत होता. वेळ झाली तसा त्याने एक हाक मारली आणि कळप बाहेर काढला. एकही शेळी मागे राहिली नाही.

म्हणजे संशय चुकला. मग हे काय? नुसता हट्ट? आपलंच नुकसान डोळ्यांदेखत होऊ द्यायचं हे मला समजत नाही.

३ मार्च

एक विलक्षण गोष्ट! आज बादल्या घेऊन पोचले तर बंद तुकड्यातली माती आधीच ओली. वरून नव्हे, बोट खुपसलं तर आतपर्यंत. मी काल आलेच नव्हते, नवरीच्या पोशाखाचं काम होतं. म्हणजे बघा, बंदी केली की जमीन आपणच ओल धरते! हे मी बैठकीत पहिल्यापासून सांगत होते. तरी आणलेलं पाणी वाया कशाला घालवायचं म्हणून तेही ओतलं.

घरी आले तर वहिनी खांदा चोळत बसली होती. म्हटलं, काय झालं? म्हणाली, "वय झालं वन्सं, दुसरं काय होणार!" पिंपातलं पाणीही हल्ली लवकर संपतं. शेळ्या घरी आल्यावर जास्त पितात वाटतं.

११ मार्च

सुतारकाकांच्या तुकड्यात रोपं सरळ रेषेत उगवली आहेत. एका ओळीत, हाताहाताच्या अंतरावर! डोंगराने फूटपट्टी घेऊन पेरणी केली असावी.

मी तिथेच उभी राहून काकांना हाक मारली. ते करवत खांद्यावर टाकून आले.

"काका, हे काय?"

"काय म्हणजे? उगवलंय."

"ओळीत?"

"आमची माणसं शिस्तीची आहेत, ताई. त्यांच्या तुकड्यात झाडंही शिस्तीत येतात."

लबाड! रोपवाटिकेतून आणून लावलीत, शेंबडं पोरही ओळखेल. मी इतकी चिडले की परत येताना पायवाट सोडून भलतीकडेच उतरले. सगळ्यांनी मिळून ठरवलेल्या गोष्टीत अशी फसवणूक! मग डोंगर काय बोलतोय हे कळणार कसं?

मॅडमना सांगावं का? सांगितलं तर त्या सगळेच तुकडे बारकाईने तपासणार. काका म्हातारे आहेत, त्यांची चारचौघांत शोभा कशाला करायची? मी मोठ्या मनाने सोडून दिलं.

२२ मार्च

झरा आणखी बारीक झाला आहे. घागर भरायला आता उभं राहून राहून पाय दुखतात. शेळ्यांनी उतार उघडा केल्याचं हे फळ.

संध्याकाळी दादा अंगणात दोरीची गाठ सोडवत होता. मला राहवलं नाही.

"दादा, तुझ्या तुकड्यात काहीच दिसत नाही रे."

"आहे. थोडं आहे."

"मग शेळ्या थोड्या कमी सोड ना. एखादा दिवस चुकव. कोण बघायला येतंय?"

त्याने मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. मला वाटलं, माझ्या तोंडाला खडू लागलाय की काय, कापडावर खुणा करताना लागतो कधीकधी.

"मग मोजायचं कशाला?" तो म्हणाला.

"अरे, तुझ्याच भल्याचं सांगतेय."

"हो, ते कळलं मला," म्हणाला आणि पुन्हा दोरीकडे वळला. मी चिडून आत आले. याच्याशी बोलणं म्हणजे भिंतीशी बोलणं.

२३ मार्च

त्याने माझ्याकडे असं का बघितलं?

६ एप्रिल

मशीनची सुई दोनदा मोडली. बसवत नाही, उभं राहवत नाही. रोज पहाटे वर, रोज संध्याकाळी पुन्हा वर, नुसतं बघायला. बंद तुकड्यात गुडघ्याला लागतील अशी रोपं झाली आहेत. कौतुकाने कोणाला तरी दाखवावीत तर आत जायला बंदी!

वहिनी मात्र खुशीत आहे. परवा आपणहून गाणं गुणगुणत होती. लेकीचा फोन आला की दार लावून बोलते. शहरात लेकीच्या शेजारची खोली रिकामी होणार आहे म्हणे. मी विचारलं, आपल्याला काय त्याचं? तर म्हणाली, "असंच सांगितलं हो, वन्सं."

२८ एप्रिल

मोजणी झाली.

सकाळपासून सगळी समिती उतारावर. मॅडमनी दोऱ्या ताणून चौकोन पाडले आणि प्रत्येक चौकोनात वेगवेगळ्या घरची माणसं बसवली, म्हणजे कोणाला आपल्याच तुकड्याची बाजू घेता येऊ नये. दुपारपर्यंत चित्र स्पष्ट झालं. बंद तुकडा पहिला, तोडीचा त्याच्या मागोमाग, आणि चराईचा कुठल्या कुठे. दोऱ्यांच्या चौकोनांत काकांच्या ओळी झाकून गेल्या. दादाच्या तुकड्यात झाडं शोधावी लागत होती. शेंडे खाल्लेले, जमिनीलगत बसलेले खुरटे खुंट.

मॅडमचा चेहरा उजळला होता. "इतका फरक मी कुठेच बघितला नाही," त्या म्हणाल्या. "चौदा मेला बैठकीत शिक्कामोर्तब करू. पावसाच्या आत सगळ्या उताराला कुंपण." लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्यासाठी! मी हात जोडले. टाळ्या थांबल्या तरी ते तसेच जोडलेले राहिले, आनंदानेच असणार.

रात्रीचं जेवण वाढताना दादा म्हणाला, "व्यापाऱ्याला निरोप धाडलाय. चौदा तारखेला सकाळी गाडी येईल. त्यानंतर तो पावसाळा सरल्यावरच येतो."

"सगळ्या देणार?" मी विचारलं.

"अर्ध्यांना तरी कुठे चारू?"

वहिनीने त्याच्या ताटात आणखी वाढलं. त्याने नको म्हटलं नाही आणि खाल्लंही नाही. हा माणूस लहानपणापासून शेळ्यांमागे आहे. शाळेत नाव घातलं तरी तो खिडकीतून उडी मारून कळपाकडे पळायचा, आणि मार मला बसायचा, की तू सांगितलं का नाहीस म्हणून.

झरा वाचेल. हे महत्त्वाचं आहे. मी हे पुन्हा लिहिते: झरा वाचेल.

३ मे

ताप. अंथरुणातून उठवत नाही. वहिनी आठ-दहा दिवसांसाठी लेकीकडे गेली आहे, ती खोली बघायला. दादा सकाळी पेज करून उशाशी ठेवतो आणि जातो.

बंद तुकड्याकडे कोण बघत असेल? पण आता बघायचं कशाला, मोजणी तर झाली.

१२ मे

आज पायात थोडं बळ आलं तशी काठी टेकत वर गेले.

बंद तुकडा वाळला आहे.

मधे मधे नाही, सगळा. गुडघ्याएवढी रोपं उभ्या उभ्या तांबूस, हात लावला की पानं चुरगळून पडतात. मला आधी वाटलं तापामुळे डोळ्यांना तसं दिसतंय. एक रोप धरून ओढलं. काहीच जोर न लावता हातात आलं. मुळं वरच्या वर, बोटाएवढी, माझ्या बादलीचं पाणी जिथपर्यंत पोचायचं तिथपर्यंतच. दुसरं ओढलं. तेही तसंच. मग मी वेड्यासारखी ओढतच सुटले.

बंदीने ओल धरली असती तर ती आता का धरली नाही? मी नव्हते म्हणून? पण मी नसतानाही तेव्हा माती ओली होती. विचार करून करून डोकं भणभणलं.

सुतारकाकांच्या ओळीही माना टाकून बसल्यात.

मग चराईच्या तुकड्यात गेले. तिथे जायचं मला अजिबात नव्हतं. जमिनीलगतचा एक खुंट धरला आणि ओढला. आला नाही. दोन्ही हातांनी ओढला, मी मागे बसले, पण तो आला नाही. त्याला दोन नवी पानं होती. तशी आणखीही होती, फार नाहीत. एवढ्यावर डोंगर राखता येईल की नाही, हे मला सांगता येणार नाही. कदाचित दादाचीही पद्धत पुरेशी नसेल. कोणालाच सांगता येणार नाही, कारण खरं काय ते बघण्यासाठी तीन तुकडे होते, आणि त्यातला खरा एकच राहिला.

मी तिथेच बसून रडले. लाज वाटली म्हणून, आणि भीती वाटली म्हणूनही.

१३ मे

वहिनी सकाळीच परतली. दादा शेळ्या घेऊन गेल्यावर मी तिला सगळं सांगितलं. म्हटलं, "संध्याकाळी तो आला की त्याला सांगते आणि व्यापाऱ्याला फोन करायला लावते. गाडी थांबवायला हवी."

ती चहा गाळत होती. गाळणी खाली ठेवून म्हणाली, "पाणी घालणाऱ्या तुम्ही एकट्या नव्हता, वन्सं."

मी गाळणी उचलली आणि पुन्हा खाली ठेवली.

"तुम्ही जायच्या नाहीत त्या दिवशी मी जायची. कधी तुमच्या आधीही. तुम्हाला काय वाटलं, माती आपोआप भिजायची?"

"पण का? शेळ्या गेल्या तर तुमचंच..."

"लग्न होऊन आले त्या दिवसापासून अंगाला शेळ्यांचा वास आहे," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. "पावसात गोठा, थंडीत गोठा. कोणाच्या लग्नाला राहायचं नाही, आजारी पडायचं नाही. लेकीला मूल झालं तेव्हा मी दोन दिवसांत परत आले, कारण एक शेळी अडली होती. आता तिथे खोली आहे. खिडकी आहे तिला. मला थोडे दिवस त्या खिडकीत बसायचंय, एवढंच."

मग तिने माझा हात धरला. तिचा तळवा माझ्याइतकाच सोललेला होता. "सांगायचं तर सांगा. तुम्हाला अडवणारी मी कोण? पण उद्या बैठकीत सांगा. तुम्ही सचिव आहात, सांगायची जागा तीच. गाडी सकाळी येते, बैठक दुपारी आहे."

तिला काय म्हणायचंय ते मला कळलं. मला कळलं नाही असं मी इथे लिहू शकले असते.

संध्याकाळी दादा लवकर आला. शेळ्या आत घेतल्या आणि नेहमीसारखा न्हाणीकडे न जाता ओट्यावर माझ्यासमोर बसला. विचारलं, "बरं आहे ना आता?" म्हटलं, हो. "वर गेली होतीस म्हणे काल." म्हटलं, हो, जरा पाय मोकळे करायला. तो बसून राहिला. वहिनीने मला चहा आणून दिला आणि माझ्या शेजारी बसली. मी कप दोन्ही हातांत धरला होता. आम्ही उन्हाबद्दल बोललो. बऱ्याच वेळाने तो उठला.

सांगायची योग्य जागा बैठक हीच आहे. तिथे सगळे असतील. एकेकाला वेगळं सांगत बसण्यात अर्थ नाही.

१४ मे

गाडी उजाडताच आली. मास्तरीण चढायला तयार नव्हती, दादाने तिला उचलून वर ठेवली आणि फळी लावून घेतली. व्यापाऱ्याशी हस्तांदोलन केलं. गाडी वळणावर दिसेनाशी झाल्यावर त्याने गोठा झाडायला घेतला. कोणासाठी झाडत होता कोण जाणे.

बैठकीत मी उभी राहिले. मॅडम ठराव वाचणार इतक्यात म्हटलं, थांबा. आणि सांगितलं. बादल्या, कुंपणाची फट, वाळलेली रोपं, सगळं. वहिनीचं नाव घेतलं नाही. मग सुतारकाका उठले आणि टोपी हातात घेऊन म्हणाले, "आमचीही रोपवाटिकेतली होती. ओळीत लावायला नको होती." कोणीतरी हसलं आणि लगेच गप्प झालं.

मला वाटलं मॅडम आता स्कूटरला किक मारून निघून जातील. त्या उठल्या, खिडकीपाशी गेल्या, परत आल्या. "रागावले आहे मी," त्या म्हणाल्या. "पण सगळा उतार बंद करून पाच वर्षांनी हे कळण्यापेक्षा आज कळलं हे बरं. ठराव रद्द. पावसानंतर तिन्ही तुकडे पुन्हा आखू. या वेळी प्रत्येकाने दुसऱ्याचा तुकडा राखायचा, आपला नाही." हात वर झाले. सगळ्यांचे.

"बंद तुकडा सुतारकाका बघतील. तोडीचा, ताई, तुम्ही. चराईच्या तुकड्यात..." त्या दादाकडे वळल्या. "काका, तुमच्या शेळ्या पुन्हा लागतील. चराईचा तुकडाच खरा होता, त्याच्याशीच बाकीचे ताडून बघायचेत."

"गेल्या," दादा म्हणाला.

"कधी?"

"सकाळी."

सुतारकाकांनी टोपी डोक्यावर घातली आणि पुन्हा काढली.

घरी येताना दादा पुढे आणि मी मागे होते. कुंपणापाशी पोचल्यावर मीच म्हटलं, "दादा, मला तुला सांगायचं होतं रे."

"मला माहीत होतं," तो म्हणाला. "रोज पहाटे मी वरच असतो. बादलीची कडी वाजते. तुझीही, हिचीही."

"मग बोलला का नाहीस?"

"मी बोललो असतो तर लोक म्हणाले असते, शेळ्यांसाठी बोलतोय." तो थांबला. माझ्याकडे न बघता म्हणाला, "म्हटलं, तू सांगशील. काल संध्याकाळपर्यंत वाट बघितली."

काल संध्याकाळी मी त्याच्यासमोर बसून चहा पीत होते.